रत्नागिरीची काकई, सांगलीचा रंजका: भाजलेल्या शिंपल्यांच्या प्रकल्प नोंदी

१० नोव्हेंबर २०२४, रविवार

करायचं काय, ते आधी लिहून ठेवते. अर्ध्या शिंपल्यात वाफवलेलं मांस, त्यावर मेयोनीज आणि तिखट सॉसचा जाड थर, मग वरून कडक आच. थर फुगून जागोजागी तपकिरी झाला की बाहेर काढायचं, वर पातीचा कांदा आणि लिंबाची फोड. जपानी पद्धतीचे भाजलेले शिंपले म्हणून हा पदार्थ ओळखला जातो. त्याचं चलन मात्र अमेरिकेतल्या सुशीच्या हॉटेलांमधून वाढलं. मेयोनीज जपानी धाटणीचं, सोया सॉस जपानी, वर पेरलेली माशाची बारीक नारिंगी अंडी जपानी, आणि तिखट सॉस मूळचा थायलंडचा. सी राचा हे तिथलं समुद्रकाठचं गाव, त्यावरून श्रीराचा. अमेरिकेत त्याची जी बाटली गाजली ती व्हिएतनामहून आलेल्या डेव्हिड ट्रान यांनी १९८० साली लॉस एंजेलिसमध्ये सुरू केलेल्या कंपनीची.

माझ्या रविवारच्या ऑर्डरींच्या यादीत सुरमई, बांगडा, कोळंबी आहे. शिंपल्यांचं काहीच नाही. सांगलीच्या विश्रामबागेत बसून शिंपले करायचे तर समुद्र पावणेदोनशे किलोमीटरवर, आंबा घाटापलीकडे. पण माहेर रत्नागिरीचं, त्यामुळे माल कुठला हा प्रश्न निम्मा सुटतो.

या पदार्थाला बहुतेक ठिकाणी न्यूझीलंडचे हिरव्या कडेचे मोठे शिंपले वापरतात. त्यांचं शास्त्रीय नाव पेर्ना कॅनॅलिक्युलस. आपल्या खडकांवर वाढते ती काकई म्हणजे पेर्ना विरिडिस. दोघी एकाच गटातल्या. कवचाची कड तशीच हिरवी, मांसाची ठेवण तीच, आपली आकारानं जरा लहान. म्हणजे या पदार्थासाठी परदेशी पाकीट आणलंच पाहिजे असं नाही. मला हेच करून बघायचंय.

१४ नोव्हेंबर, गुरुवार

दादाला फोन केला. त्याचा पहिला प्रश्न: "काकई कशाला गो? चांगल्या तिसऱ्या पाठवतो की." (तिसऱ्या म्हणजे छोटे शिंपले.)

सगळं समजावून सांगितल्यावर म्हणाला, उद्या कार्तिकी पुनव, उधाणाचे दिवस. सुकतीला पाणी खूप मागे जातं तेव्हा खालच्या खडकावरची मोठी काकई हाताला लागते. भांगाच्या दिवसांत, म्हणजे पुनव-अमावास्येच्या मधल्या काळात, पाणी तेवढं हटत नाही, मग वरची बारीकच मिळते. म्हणजे माझं वेळापत्रक पुनवेच्या आणि अमावास्येच्या आसपासचं राहणार. कालनिर्णयावर खुणा करून ठेवल्या.

त्याला दोन गोष्टी बजावल्या. बंदराच्या आणि खाडीच्या तोंडाजवळची नको, उघड्या समुद्राकडच्या खडकावरचीच हवी. शिंपला दिवसभर पाणी गाळून त्यातलं खाद्य खातो. पाण्यात सांडपाणी, तेल, काही असेल तर तेही त्याच्या अंगात साठतं. विषारी शेवाळाचं विष तर शिजवूनही जात नाही. त्यामुळे पाण्याला वेगळा रंग चढलेला दिसला, तर त्या वेळी काढायचीच नाही. दादा म्हणाला, "तू सांगायला नको, इथले लोक तसल्या पाण्यातली खातच नाहीत." तरी बजावलंच.

१७ नोव्हेंबर, रविवार

माल पहाटे मासळीच्या टेम्पोतून आला. दादानं तो नीट बांधला होता. थर्माकोलच्या डब्यात तळाला बर्फ, त्यावर फळी, फळीवर ओल्या गोणपाटात काकई. बर्फ वितळून झालेलं पाणी शिंपल्यांना लागलेलं नाही. हे महत्त्वाचं, कारण गोड्या पाण्यात काकई मरते.

निवड: तोंड मिटलेले शिंपले एका पाटीत. किंचित उघडे असलेले चमच्यानं टकटक करून पाहिले. मिटले ते जिवंत, ठेवले. न मिटलेले, फुटलेले आणि हाताला नको इतके जड लागणारे (आत चिखल असतो) टाकून दिले.

वाळू काढायला खारं पाणी लागतं. समुद्राच्या पाण्यात लिटरला साधारण ३५ ग्रॅम मीठ असतं. तेवढंच खडे मीठ विरघळवून पसरट परातीत पाणी केलं आणि त्यात काकई तीन तास ठेवली. परात उथळ घ्यायची, वर झाकण नको, म्हणजे पाण्यात हवा राहते. तळाला बारीक वाळू बसलेली दिसली.

मग कवचं घासणं. वर चिकटलेले पांढरे खवले जुन्या सुरीनं खरवडले. कडेतून बाहेर आलेले तपकिरी केसाळ दोरे असतात, त्यांनीच शिंपला खडकाला धरून राहतो. ते बिजागरीच्या दिशेनं ओढले की सरळ निघतात. हे काम शिजवण्याच्या अगदी आधी करायचं. दोरे उपटल्यावर शिंपला फार वेळ टिकत नाही.

किलोला तीसेक शिंपले बसले. मोठ्या पातेल्यात अर्धी वाटी पाणी, वर झाकण, मोठी आच. तीन-चार मिनिटांत तोंडं उघडली. उघडलेला प्रत्येक शिंपला लगेच चिमट्यानं बाहेर, राहिलेल्यांना आणखी मिनिटभर. शेवटपर्यंत न उघडलेले बाजूला. आत काही मांस फिकट पांढरं, काही गडद नारिंगी. पांढरे नर, नारिंगी माद्या. चवीत मला फरक जाणवला नाही, पण ताटात नारिंगी फार देखणं दिसतं.

पातेल्यात उरलेलं पाणी मलमलच्या फडक्यातून गाळून ठेवलं. त्या पाण्यात समुद्राची सगळी चव आहे, ते ओतून देणं म्हणजे निम्मा पदार्थ ओतून देणं. आज सॉस नाही, नुसतं वाफवलेलं मांस लिंबू पिळून सगळ्यांनी खाल्लं. मामा (माझे सासरे) म्हणाले, "वाळू लागली न्हाई. हे पहिलं जमलं. आता म्होरचं बघ."

१८ नोव्हेंबर, सोमवार

आत्यांचा (माझ्या सासूबाईंचा) सोमवार, घरात अंडं नाही. वाचन आणि टिपणं.

जपानी मेयोनीज म्हणजे प्रामुख्यानं क्युपी, १९२५ पासूनचं. त्यात पूर्ण अंड्याऐवजी फक्त बलक असतात, म्हणून रंग जास्त पिवळा आणि पोत दाट. शिवाय त्यात अजिनोमोटो असतं. अजिनोमोटोतला घटक किकुनाए इकेदा यांनी १९०८ साली कोंबू नावाच्या समुद्री शेवाळाच्या रश्शातून वेगळा केला आणि त्या चवीला उमामी म्हटलं. शिंपल्याच्या पाण्यात ही चव मुळातच आहे. ते पाणी आटवून सॉसमध्ये घातलं तर वेगळी पूड घालायची गरज पडू नये.

२४ नोव्हेंबर, रविवार

आज काकई नाही, म्हणून सॉसची परीक्षा बटाट्यावर. गेल्या रविवारची धुऊन वाळवलेली कवचं घेतली, त्यात उकडलेल्या बटाट्याचे काप बसवले आणि वर वेगवेगळे थर दिले.

ओटीजीची (घरगुती विजेच्या भट्टीची) मांडणी: फक्त वरची कॉइल चालू, २५० अंश, दहा मिनिटं आधी तापवलेला, ट्रे सगळ्यात वरच्या खाचेत. ट्रेमध्ये खडे मिठाचा बोटभर थर, त्यात कवचं रुतवली. नाहीतर कवचं डुलतात आणि सॉस एका बाजूला वाहतो.

बाजारातलं अंड्याशिवायचं मेयोनीज: बाटलीवरच्या यादीत तेल आणि पाण्यासोबत स्टार्च. ओटीजीत ते फुटलं नाही, पण रंगही धरला नाही. कडा वाळल्या, मधला भाग पांढराच. चव गोड.

घरचं मेयोनीज: दोन बलक, १ चमचा मोहरीची पूड, १ टेबलचमचा व्हिनेगर, पाव चमचा मीठ, अर्धा चमचा साखर आणि १८० मिली शेंगदाण्याचं रिफाइंड तेल, आधी थेंबथेंब आणि मग धारेनं. घाण्याचं तेल इथे चालत नाही, त्याचा वास सगळ्यावर चढतो. हे मेयोनीज सहा मिनिटांत सुंदर तपकिरी झालं. तेच दहा मिनिटं ठेवलं तेव्हा कडेनं तेल सुटून कवचात साठलं.

त्याचं कारण असं. बलकातलं लेसिथिन तेलाचे बारीक थेंब पाण्यात सुटे सुटे धरून ठेवतं. बलक साधारण ६५ ते ७० अंशांना घट्ट व्हायला लागतो. थोडा घट्ट झाला तर थर उभा राहतो, जास्त तापला तर त्याची पकड आवळून तेल बाहेर पडतं. म्हणून आच जबर हवी आणि वेळ कमी. वरचा रंग आला पाहिजे आणि आतला थर फुटायच्या आधी ट्रे बाहेर आला पाहिजे. खालची कॉइल चालू ठेवली तर कवच तापतं, सॉस खालून उकळतो आणि मांस दुसऱ्यांदा शिजून चिवट होतं.

वरून आच देणं आपल्याकडे नवं नाही. आजी धोंडस करायची तेव्हा पातेल्याच्या झाकणावर निखारे ठेवायची. ओटीजीची वरची कॉइल तेच काम करते, फक्त जास्त झपाट्यानं.

१ डिसेंबर, रविवार

आज अमावास्या, उद्यापासून मार्गशीर्ष. महिनाभर घरात मासा-अंडं काही शिजणार नाही. त्यामुळे आजचा दिवस मोठा, सगळं एकत्र करून बघायचं. दादानं उधाणाची चांगली भरलेली काकई पाठवली.

हे सगळं पाण्यावर अडतं, हे आज दोन ट्रे शेजारी शेजारी ठेवल्यावर स्पष्ट दिसलं.

पहिल्या ट्रेत वाफवलेलं मांस तसंच कवचात ठेवून वर सॉस दिला. दुसऱ्या ट्रेत मांस सुती फडक्यावर पालथं घालून दहा मिनिटं निथळलं, वरून हलकं टिपलं, कवचं आतून पुसून कोरडी केली आणि मग भरली. सॉस तोच, आच तीच, वेळ तोच. पहिल्या ट्रेत मांसानं ओटीजीत उरलेलं पाणी सोडलं, सॉस त्यावर तरंगला आणि पातळ होऊन मिठात उतरला. रंग आला तो तुकड्या-तुकड्यानं. दुसऱ्या ट्रेत सॉस जिथे ठेवला तिथेच फुगला आणि त्याला सलग तपकिरी डाग आले. मिठाचा थर कोरडा राहिला.

वाफवायच्या वेळेचाही तोच हिशेब. तोंड उघडताक्षणी काढलेलं मांस ओटीजीनंतरही टपोरं राहतं. पातेल्यात सहा मिनिटं राहिलेलं आधीच आक्रसलेलं असतं. ओटीजीत गेल्यावर ते आणखी आक्रसून कवचाच्या एका कोपऱ्यात जातं, आणि चावताना रबरासारखं लागतं.

मांसाचं पाणी टिपायचं आणि गाळून ठेवलेलं पाणी मात्र सॉसमध्ये घालायचं, हे उलटसुलट वाटेल. म्हणून ते पाणी तसं न घालता त्याची खळ केली. १०० मिली पाणी आटवून तिसरा हिस्सा ठेवलं, त्यात १ चमचा तांदळाचं पीठ गार पाण्यात कालवून घातलं आणि मंद आचेवर चकाकी येईपर्यंत घोटलं. पूर्ण गार झाल्यावर ती मेयोनीजमध्ये मिसळली. पीठ शिजलेलं असल्यानं ते पाणी धरून ठेवतं, सॉस आचेवर जास्त वेळ तग धरतो आणि चव समुद्राची येते. खळ चांगलीच खारट असते, तेव्हा सॉसमध्ये वेगळं मीठ अजिबात नको.

तिखटाला आज बाजारचा लाल मिरचीचा सॉस वापरला. तो गोड आणि एकसुरी लागला. तिखट जिभेच्या टोकावर येऊन संपतं. इथे काहीतरी आंबवलेलं, लसणाचं, खोल जाणारं हवं.

ह्यांनी खाऊन विचारलं, "रंजका घालून बघितलास का?"

५ डिसेंबर, गुरुवार

मार्गशीर्षातला पहिला गुरुवार. संध्याकाळी पूजा, कहाणी. दुपारी मंडईत पिकलेल्या ओल्या लाल मिरच्या दिसल्या. रंजक्याचे दिवस सुरू झाले.

रविवारपासून ह्यांचा प्रश्न डोक्यात होता आणि तो बरोबर आहे. श्रीराचा म्हणजे पिकलेली लाल मिरची, लसूण, मीठ, साखर, व्हिनेगर. रंजका म्हणजे पिकलेली लाल मिरची, लसूण, मीठ, लिंबू, मेथी, आणि मग बरणीत मुरवणं. सांगली, कोल्हापूर, सोलापूर, पलीकडे बेळगाव-विजापूर, या सगळ्या पट्ट्यात भाकरीबरोबर रंजका असतो. माहेरी कोकणात मी तो कधी पाहिला नव्हता, लग्नानंतर आत्यांच्या बरणीतून पहिल्यांदा खाल्ला. घरात पिढ्यानपिढ्या जे मुरतंय ते सोडून मी बाटलीच्या मागे कशाला लागू?

आत्यांना म्हटलं, यंदाचा रंजका करताना त्यातला थोडा मेथी घालायच्या आधी मला वेगळा काढून द्या.

"अगं, मेथी नसली तर रंजक्याला चव कुठली?"

"आत्या, ओटीजीत मेथी कडवट होते. अंड्याच्या सॉसमधे तो कडूपणा वर येईल."

"तुज्या सॉसाला नको असंल. पर माज्या बरणीत पडणारच."

ठरलं. माझा वाटा असा: देठ काढलेल्या लाल मिरच्या २५० ग्रॅम, लसूण ३० ग्रॅम, मीठ ८ ग्रॅम. मिरच्या धुऊन फडक्यावर पूर्ण वाळवल्या, ओलावा राहिला तर बुरशी धरते. निम्म्या संकेश्वरी जातीच्या तिखट आणि निम्म्या ब्याडगीसारख्या रंगाच्या, कमी तिखट. एकट्या तिखट मिरचीनं शिंपल्याची चव मरते, एकट्या ब्याडगीनं नुसता रंग येतो. मिक्सरला जाडसर फिरवून काचेच्या बरणीत दाबून भरलं, वर बोटभर जागा सोडली.

आत्यांना माझं मीठ फार कमी वाटलं. त्यांचा अंदाज मुठीचा आणि वर्षभर टिकवायचा. मला मात्र पंधरा दिवसांत आंबवून मग फ्रीजमध्ये ठेवायचाय. वजनाच्या तीन टक्क्यांच्या आसपास मीठ असलं की आंबट करणारे जिवाणू काम करतात आणि नको ते मागे राहतात. आत्यांसारखं भरपूर मीठ घातलं की आंबणं फार हळू चालतं, चव मिठाची आणि लिंबाची राहते. दोन्ही रीती आपापल्या कामाला बरोबर आहेत. दोन बरण्या शेजारी शेजारी ठेवल्या, आत्यांच्या बरणीला वरून तेलाची फोडणी.

९ डिसेंबर, सोमवार

माझ्या बरणीत बुडबुडे. झाकण दिवसातून एकदा सैल करून हवा सोडायची आणि स्वच्छ चमच्यानं दाबून मिरची रसाखाली ठेवायची. वास आंबट-गोड, छान.

१५ डिसेंबर, रविवार

पुनव, पण मार्गशीर्ष. दादाला नको म्हणून कळवलं होतं, तरी त्यानं खडकावरच्या काकईचा फोटो पाठवला.

आजचं काम राजगिऱ्याचं. मूळ पदार्थात वर माशाची अंडी पेरतात. टोबिको म्हणजे उडणाऱ्या माशाची अंडी, मसागो म्हणजे केपलिन नावाच्या लहान माशाची. दाताखाली ती बारीक फुटतात आणि खारट चव सोडतात. आपल्या गाबोळीला तसा सुटा, फुटणारा दाणा नाही, उकडल्यावर ती रवाळ होते. दाताखाली फुटणारं आपल्याकडचं बारीक धान्य कोणतं, याचा विचार करताना राजगिरा आठवला.

अर्धी वाटी राजगिरा भरपूर पाण्यात पंधरा मिनिटं उकळला, बारीक चाळणीत घेऊन गार पाण्याखाली चिकटपणा जाईपर्यंत धुतला आणि फडक्यावर पसरला. दाणा सुटा राहिला, दाताखाली बारीकसा कट् होतो. तेलात ब्याडगीची पूड घालून रंग काढला, तो गाळला आणि त्यात सोया सॉसचे थेंब टाकून राजगिरा कालवला. रंग अगदी तसा नारिंगी. समुद्राची चव त्याला नाही, ती शिंपल्याच्या खळीतून येईल. ज्यांना सांगायचं त्यांना हा राजगिरा आहे असंच सांगेन.

२० डिसेंबर, शुक्रवार

रंजका तयार. चाळणीतून दाबून गाळला, बिया-साली वेगळ्या. गाळलेला भाग १ चमचा साखर आणि २ चमचे व्हिनेगर घालून पाच मिनिटं शिजवला, गार करून फ्रीजमध्ये. उरलेल्या बिया-साली आत्यांनी वाळवून चटणीत घातल्या.

मेथीवाला आणि बिनमेथीचा, दोन्ही तव्यावर थेंबभर तापवून चाखले. मेथीवाला गार असताना अप्रतिम, तापल्यावर कडू. आत्यांनीही चाखला आणि मान डोलावली. माझं म्हणणं त्यांना पटलं.

१ जानेवारी २०२५, बुधवार

मार्गशीर्ष संपला, सोमवारी अमावास्या होऊन गेली, उधाण अजून आहे. काल सांगलीत मासळीला पाय ठेवायला जागा नव्हती. आमची काकई आज पहाटे आली.

आजचा सॉस, वजनानं:

मेयोनीज १०० ग्रॅम, गाळलेला रंजका २५ ग्रॅम, शिंपल्याच्या पाण्याची खळ १ टेबलचमचा, सोया सॉस अर्धा चमचा, साखर पाऊण चमचा, भाजून कुटलेले तीळ १ चमचा, पातीच्या कांद्याचा पांढरा भाग बारीक चिरून १ टेबलचमचा. भाजक्या तिळाचं तेल सांगलीत सहज मिळत नाही. कुटलेल्या तिळानं तो वास पुरेसा येतो आणि सॉसलाही थोडा धरबंध येतो. सॉस अर्धा तास फ्रीजमध्ये गार केला. गार सॉस ओटीजीत उशिरा पातळ होतो.

एका शिंपल्याला एक भरगच्च चमचा, मांस पूर्ण झाकलं जाईल असा. साडेपाच मिनिटं. वर राजगिरा, कांद्याची हिरवी पात, लिंबू.

आज तो पदार्थ झाला. वरचा थर फुगलेला, कडेला करपट तपकिरी, चमचा लावला की आत मऊ, खाली मांस टपोरं. रंजक्याचं तिखट सुरुवातीला कळत नाही, आधी आंबटपणा येतो, मग लसूण, आणि तिखट घशापर्यंत हळूहळू उतरतं. बाजारच्या सॉसनं हे होत नव्हतं. हा पदार्थ मी याआधी पुण्यात एकदा खाल्ला होता. खरं सांगायचं तर आजचा मला त्याहून आवडला, आणि तो फरक रंजक्याचा आहे.

मामा म्हणाले, आंबट जरा कमी पाहिजे. बरोबर आहे. रंजका आधीच आंबट, त्यात व्हिनेगर, वर लिंबू. पुढच्या वेळी रंजका शिजवताना व्हिनेगर एकच चमचा.

आत्या शिंपला खात नाहीत. त्यांनी थर तेवढा भाकरीला लावून खाल्ला.

५ जानेवारी, रविवार

पार्सलची परीक्षा. गरम शिंपले अॅल्युमिनियमच्या डब्यात भरून ह्यांनी मिरजेपर्यंत नेले आणि परत आणले. झाकणाखाली वाफ धरली, वरचा खरपूस थर ओला झाला, गार होताना तेलाची साय आली. झाकणाला भोकं पाडलेल्या डब्यातही फार फरक नाही. हा पदार्थ ओटीजीतून थेट ताटात यायला हवा. पार्सलच्या यादीत तो घालणार नाही, कोणी कितीही मागितला तरी. निवलेला, ओला झालेला शिंपला देऊन लोकांचं मत वाईट करून घेण्यात अर्थ नाही.

ह्यांनी पुण्याहून न्यूझीलंडच्या गोठवलेल्या अर्ध्या शिंपल्यांचं पाकीट आणलं होतं, तेही आजच करून पाहिलं. आकारानं मोठे, सगळे एकसारखे, साफ करायची दगदग नाही. आधीच वाफवलेले असल्यानं पुन्हा वाफवायचे नाहीत, फ्रीजमध्ये रात्रभर बर्फ सुटायला ठेवून पाणी निथळायचं. ते पाणी खूप सुटतं, फडकं दोनदा बदलावं लागलं. चव सौम्य आहे. खळ करायला शिंपल्याचं ताजं पाणी मिळत नाही, हा मोठा तोटा. पावसाळ्यात काकई बंद असेल तेव्हा सोय म्हणून ठीक. माझी पसंती काकईलाच.

१२ जानेवारी, रविवार

ह्यांच्या ऑफिसमधल्या एकांच्या घरी वास्तुशांत झाल्यानंतरचं मांसाहारी जेवण, वीस माणसं. पहिली खरी ऑर्डर. उद्या पुनव आणि भोगी, म्हणून माल आज वेळेवर. ओटीजी, मिठाचे ट्रे, गार सॉसचा डबा आणि निथळून कवचात बसवलेली काकई बर्फावर, असं सगळं घेऊन त्यांच्या स्वयंपाकघरात गेले. सॉस तिथेच भरला. कच्च्या बलकाचं मेयोनीज असल्यानं ते सकाळी केलेलं, सबंध वेळ बर्फावर, आणि उरलेलं तिथेच टाकून दिलं.

जेवायच्या आधी प्रत्येकाला विचारलं, शिंपल्यांची किंवा कोळंबी-खेकड्याची कोणाला अॅलर्जी आहे का. एका ताईंना होती, त्यांना पनीर दिलं. हे विचारायचं कधीच सोडणार नाही.

एका वेळी ट्रेत बारा शिंपले बसतात. एक ट्रे ओटीजीत, दुसरा भरून तयार. या तालात पंगत सुरळीत चालली. दोन ट्रेंच्या मध्ये ओटीजी पुन्हा पूर्ण तापायला तीन-चार मिनिटं द्यावी लागतात. घाई केली तर रंग येत नाही आणि मांस तेवढं शिजत राहतं.

यजमानांच्या आई मूळच्या मालवणच्या. त्यांनी एक शिंपला खाल्ला, कवच उलटून पाहिलं आणि विचारलं, "शिनाण्या ना गे ह्यो? आम्ही सुक्यात खोबऱ्यात करतव. ह्या वर काय घातलंस?" मी रंजका सांगितल्यावर त्या म्हणाल्या, पुढच्या खेपेला थोडं तिरफळ कुटून घालून बघ. तिरफळ बांगड्याचं आहे, इथे तिळाबरोबर भांडेल असं मला वाटतं. पण त्यांचा हात समुद्राकाठचा, आणि नारिंगी मादीच्या मांसाला तिरफळ चालेलही. एका ट्रेत करून बघणार.

१९ जानेवारी, रविवार

हिशेब मांडला. दादा पैसे घेत नाही, तरी मी बाजारभाव आणि टेम्पोचं भाडं धरूनच दर काढला. किलोमधले तीसेक शिंपले धरले तरी निवडीत, वाफवण्यात काही जातात, त्यामुळे दोन ट्रे म्हणजे चोवीस धरून चालायचं. कवचं फेकत नाही. सोड्यात उकळून वाळवली की पाकिटातल्या मांसालाही उपयोगी पडतात.

यादीत असं लिहिलं: 'भाजलेली काकई, तिखट रंजका-मेयोनीज. फक्त घरगुती कार्यक्रमांसाठी, जागेवर भाजून. पुनव-अमावास्येच्या आसपासच. आठ दिवस आधी कळवावे.'

२९ तारखेला अमावास्या. दादाला ५ किलो सांगितलीये. सात सेंटीमीटरच्या खालची काढू नकोस, ती खडकावरच वाढू दे, असंही सांगितलं. रंजक्याची दुसरी बरणी आज भरली, या वेळी एकच चमचा व्हिनेगर लागेल. आणायचं: खडे मीठ २ किलो, मलमल, तिरफळ थोडं.